सातव्या दारातला नान

सकाळी साडेआठ वाजता उझबेकिस्तानातल्या खिव्याच्या पश्चिम दरवाजाच्या आत जे होतं, त्याची नोंद अशी: खरे पर्यटक तीन, खोटे पर्यटक पाच, परीक्षक एक, पर्यटन कार्यालयाने मंजूर केलेल्या छटेची हिरवी छत्री एक आणि उंट एक. उंट माझा नव्हता. तो फोटोवाल्याचा, रोज तिथेच उभा असतो. पण परीक्षक तुर्सुनॉव साहेबांनी माझ्याकडे आणि उंटाकडे सारख्याच नजरेने पाहिलं, म्हणून त्यालाही नोंदीत घेतला.

खोट्या पर्यटकांचा खुलासा आधी करतो, कारण त्यावरून नंतर माझ्या चारित्र्याबद्दल बरंच बोललं गेलं.

शहराला एक नवा वाटाड्या हवा होता. जागा एक. परीक्षा प्रात्यक्षिक: तटबंदीच्या आतलं शहर पश्चिम दरवाजापासून पूर्व दरवाजापर्यंत चालत दाखवायचं, दीड तासात, एकही माणूस न हरवता. गट उमेदवाराने स्वतः आणायचा, निदान आठ जणांचा, आणि त्यातला एकही खिव्याचा रहिवासी नसावा. ज्याच्याकडे आठ पर्यटक आधीच आहेत त्याला ही नोकरी कशाला लागेल, असं मी कार्यालयाच्या खिडकीत विचारलं होतं. खिडकीतल्या बाई म्हणाल्या, "हा प्रश्न अभ्यासक्रमात नाही."

मला ही जागा हवी होती, कारण ती मिळाली नाही तर मला समाराला जायचं होतं. रशियातल्या त्या शहरात माझे दाजी, रुझमत अका (अका म्हणजे दादा), एका मोठ्या गोदामात काम करतात आणि त्यांनी तिथे माझ्यासाठी शब्द टाकून ठेवला होता. दर आठवड्याला फोन. "काय दाव्रान, अजून पाणीच मोजतोस का?" मी भूजलशास्त्राचा पदवीधर आहे. आमच्या शहराखाली पाणी किती खोल आहे ते मी सेंटिमीटरमध्ये सांगू शकतो. नोकरी किती खोल आहे ते मोजण्याचं उपकरण आमच्या प्रयोगशाळेत नव्हतं.

खरे पर्यटक तीनच जमले. फरगान्याचं एक जोडपं, जे आदल्या दिवसापासून एकमेकांशी बोलत नव्हतं, आणि पोलंडचे एक निवृत्त भूगोल शिक्षक, श्री. झिगमुंट. उंची एक मीटर चौऱ्याण्णव. (मी विचारली होती. त्यांनाही सांगायला आवडलं.) माणूस इतका सभ्य की रस्त्यात मांजर आडवं गेलं तरी त्याला वाट देऊन आभार मानायचा.

पाच माणसं कमी पडतायत हे मी आमच्या मोहल्ल्याचे प्रमुख मतनियाझ अका यांना सांगितलं. सांगायला नको होतं.

"पाच?" ते म्हणाले. "आपल्याकडे माणसांना काय तोटा आहे का?"

"अका, ते इथले रहिवासी चालत नाहीत."

"मग सकाळपुरते नसतील."

अशा रीतीने मोहल्ल्यातले पाच इसम काळे चष्मे आणि उन्हाच्या टोप्या घालून माझ्या गटात दाखल झाले. त्यांचा म्होरक्या खुदायबेरगान उस्ताद. हे व्यवसायाने न्हावी आणि तटबंदीच्या आतली निदान अर्धी डोकी त्यांच्या हाताखालून गेलेली. परीक्षकांचंही. दरवाजातून आत पाऊल टाकत नाही तोच टरबूजवाला ओरडला, "सलाम उस्ताद, आज दुकान बंद?"

"मी ताश्कंदचा आहे," उस्ताद गंभीरपणे म्हणाले. मग आवाज खाली आणून, "चारनंतर ये."

तुर्सुनॉव साहेबांनी हे ऐकलं. पण त्यांची स्वतःची मान दोनच दिवसांपूर्वी उस्तादांनी भादरली होती आणि पुढच्या महिन्यात त्यांच्या मुलीचं लग्न होतं, त्यामुळे ते निळ्या मनोऱ्याकडे पाहत राहिले.

आता चूक. ती माझी, आणि ती ज्ञानाची होती.

कार्यालयाने वाटाड्यांसाठी छापील भाषण दिलेलं असतं. त्यात खान, त्यांच्या बेगमा आणि कापलेली डोकी असतात. मला मिठाबद्दल सांगायचं होतं. आमच्या शहराच्या भिंती कच्च्या विटांच्या. जमिनीतलं पाणी विटांमधून वर चढतं, वर येऊन सुकतं, त्यातलं मीठ मागे राहतं आणि स्फटिक होऊन वीट आतून फोडतं. शत्रूंना इतक्या शतकांत जे नीट जमलं नाही ते हे मीठ गुपचूप करतंय. हे बघायला सगळ्यात चांगली जागा म्हणजे आमची गल्ली. तिथल्या सातही घरांच्या पायांना गुडघ्यापर्यंत पांढरी कड आहे. म्हणून मी ठरलेल्या वाटेतून वीस मिनिटांचं एक वळण घेण्याची लेखी परवानगी मागितली आणि माझ्या दुर्दैवाने ती मिळाली.

मोहल्ल्यातल्या चहाखान्यात यावर आठवडाभर चर्चा झाली.

"मिठाचं काय सांगतोस?" मतनियाझ अका म्हणाले. "एखादी राजकन्या घाल. भिंतीवरून उडी मारलेली."

"कुठल्या भिंतीवरून?"

"ते तू बघ. शिकलेला तू आहेस."

"आणि लोकांना भिंतीचे पाय दाखवणार?" खुदायबेरगान उस्ताद म्हणाले. "पाहुण्याला कधी कोणी घराचे पाय दाखवतं का? उद्या म्हणशील, मोरीही बघा."

पण खरी अडचण मीठ नव्हती. खरी अडचण अशी की आमच्याकडे दारावरून गेलेल्या माणसाला आत न बोलावणं हे शिवी देण्यासारखं आहे आणि बोलावल्यावर न जाणं हे ती शिवी परत करण्यासारखं. गल्लीत सात दारं. मी दारोदार जाऊन हात जोडले की बाबांनो, परीक्षा आहे, वेळ मोजलेला आहे. सगळे म्हणाले, हो हो, कळतं आम्हाला. आमच्याच पोराची परीक्षा, आम्ही मधे येऊ का? फक्त दारात एक तबक ठेवू. नुसता नान आणि चहा.

मी विज्ञानाचा माणूस, तोड काढली. गटाला दरवाजापाशीच नियम सांगितला: "आमच्या गल्लीत कुठल्याही घरात नान दिसला की त्याचा एक तुकडा तोडून खायचा, छातीवर हात ठेवायचा आणि पुढे चालायचं. एका दाराला एक मिनिट. तुकडा न तोडणं म्हणजे यजमानाचा अपमान." झिगमुंट यांनी हे दोनदा म्हणायला लावलं आणि मान डोलावली. सात दारं, सात मिनिटं. उरलेली तेरा मिनिटं मिठाला.

पहिल्या दारात नुसता नान आणि चहा यासोबत शेपू घातलेल्या हिरव्या शेवयांचं पातेलं होतं.

"हे काय, आपा?" मी विचारलं.

"मग कोरडा नान घालू पाहुण्यांना? तुझ्या आईला काय वाटेल?"

दुसऱ्या दारात पहिल्या दाराचं कळलेलं होतं, म्हणून तिथे अंड्याचं सारण भरलेले उकडलेले चौकोन होते. तिसऱ्या दारात आठ दिवसांचं बाळ होतं आणि परदेशी माणसाने त्याला घेतलं तर आयुष्य वाढतं, असं त्या घराचं मत त्या दिवसापासून होतं. चौथ्या दारातल्या आजोबांनी सैन्यातलं पदक काढलं, मग ते कुठे मिळालं ते सांगितलं, मग तिथे जाताना वाटेत काय काय लागलं ते सांगितलं. फरगान्याचं जोडपं पाचव्या दारात एकमेकांशी बोलायला लागलं. नवरा म्हणाला, "बघ, असं वाढतात." बायको म्हणाली, "बघ, असं खातात," आणि तिने तुर्सुनॉव साहेबांकडे बोट केलं. साहेब डाव्या हातातल्या घड्याळाकडे बघत उजव्या हाताने खरबूज खात होते. दोन्ही कामं ते प्रामाणिकपणे करत होते.

मिठाबद्दल मी एकूण दोन वाक्यं बोललो. दुसरं अर्धवट राहिलं, कारण मी भिंतीच्या पांढऱ्या कडेकडे बोट केलं तेव्हा त्या घरची सून लाजून म्हणाली, "आज सकाळीच पुसली होती हो."

सहाव्या दारातून निघालो तेव्हा दीड तास संपायला थोडाच वेळ होता आणि पूर्व दरवाजा जवळजवळ पहिल्याइतकाच लांब होता. राहिलं एक दार. तिथे तबक नव्हतं. ते मी आधीच ठरवलेलं होतं, कारण ते सापरगुल होलाचं (होला म्हणजे मावशी, सगळ्या गल्लीची) घर आणि होलाचा उजवा हात मागच्या आठवड्यात तंदुरात भाजला होता. ती एकटीच राहते. तिचा मुलगा सादुल्ला सहा वर्षांपूर्वी समाराला गेला तो अजून यायचा आहे. मी तिला म्हणालो होतो, होला, तू काही करू नकोस, आम्ही पुढे जाऊ. ती हो म्हणाली होती.

पण सहा दारांतली तबकं तिनेही पाहिलीच. आम्ही समोरून जाऊ लागलो तसं तिने दार उघडलं.

"माझ्याच दारावरून जाणार का रे, दाव्रान?"

आम्ही आत गेलो. तिने डाव्या हाताने चहा ओतला, साखर ठेवली आणि मग तिच्या लक्षात आलं की घरात नान नाही. चेहरा पांढरा पडला तिचा. "बसा, आलेच," म्हणाली आणि शेजाऱ्यांकडे धावली. शेजाऱ्यांकडे नान नव्हते. ते आम्हीच संपवले होते. म्हणून ती त्यांच्या पलीकडच्या घरी गेली, मग त्याच्याही पलीकडच्या. दरम्यान तुर्सुनॉव साहेबांनी मला बाहेर अंगणात बोलावलं आणि विचारलं, "उमेदवार, आपण सध्या भाषणाच्या कुठल्या पानावर आहोत?" मी सांगत होतो. त्यामुळे आत काय झालं ते मी पाहिलं नाही. फक्त परत आलो तेव्हाचं दृश्य सांगतो.

झिगमुंट बसलेले होते. खुदायबेरगान उस्तादांसह पाचही खोटे पर्यटक चष्मे काढून त्यांच्याकडे पाहत होते. झिगमुंट काहीतरी चहात बुडवत होते, धीराने, आणि मग चावत होते, त्याहून धीराने. भिंतीवर, दाराच्या बरंच वर, एक रिकामा खिळा होता.

आमच्याकडे घरातलं कोणी लांब निघालं की जाताना त्याच्याकडून नानाचा एक घास चावून घेतात. उरलेला नान भिंतीवर टांगतात. तो त्या माणसाचा. परत येऊन तो उरलेला खाईल, म्हणून परत येईल. त्याला दुसऱ्या कोणी हात लावत नाही. लावायला नको म्हणूनच होलाने तो इतका उंच टांगला होता. एक मीटर चौऱ्याण्णवचा हिशोब कोणी केला नव्हता.

"तुम्ही थांबवलं का नाही?" मी उस्तादांना विचारलं.

"पाहुण्याच्या हातातला नान काढून घेऊ?" उस्ताद म्हणाले. ते खरोखरच हादरले होते. "ते आम्हाला जमलं नसतं. आणि आम्ही ताश्कंदचे."

होला आली. तिच्या ओढणीखाली कोणाकडून तरी आणलेला अर्धा नान होता, गरम. तिने खिळ्याकडे पाहिलं. झिगमुंट यांच्याकडे पाहिलं. ते उठले, छातीवर हात ठेवला आणि शिकवल्याप्रमाणे म्हणाले की नान फार चवदार आहे, फक्त थोडा जुना.

"घ्या ना, आणखी चहा घ्या," होला म्हणाली. त्यांना वाढून झाल्यावर माझ्याकडे न बघता म्हणाली, "दाव्रान, तू जरा मागे थांब."

तिने उरलेला नान कपड्यात गुंडाळला आणि माझ्यासमोर ठेवून बसून राहिली. माझ्या पदवीसकट मी पण बसून राहिलो. बाहेर माझा गट छत्रीशिवाय पूर्वेकडे निघून गेला.

तुर्सुनॉव साहेबांचा अहवाल आठवड्याने आला. एकच ओळ होती. "उमेदवार पाहुण्यांना खाऊ घालण्यात कुशल आहे, रस्ता दाखवण्यात नाही." जागा एका मुलाला मिळाली, ज्याने शहर एक तास वीस मिनिटांत दाखवलं आणि प्रत्येक मनोऱ्याखाली एकेक राजकन्या घातली.

अहवाल येण्याआधीच चहाखान्यात दुसरी परीक्षा सुरू झाली होती. विषय असा की आता त्या नानाचं काय.

"नान ज्याने चावला त्याला बोलावतो," एक म्हातारे म्हणाले. "म्हणजे आता तो पोलंडवाला परत येणार."

"येऊ दे, माणूस चांगला आहे."

"येऊ दे काय? सादुल्लाच्या जागी येणार तो. होलाला काय सून बघायला लावतोस त्याच्यासाठी?"

"वय काय त्याचं?"

"मुद्द्याचं बोला," मतनियाझ अका म्हणाले. त्यांनी प्याला पालथा घातला, म्हणजे निकाल आला. "सादुल्लाने पुन्हा एकदा चावायला पाहिजे. मग तो नान पुन्हा त्याचा होईल."

"सादुल्ला येत नाही, अका. तोच तर प्रश्न आहे."

"मग नान जाईल."

यावर सगळ्यांनी, एकापाठोपाठ एक, माझ्याकडे पाहिलं. मी म्हणालो, पोस्टाने पाठवता येईल. असं काही बोलणाऱ्या माणसाकडे जसं बघतात तसं त्यांनी बघितलं.

रात्री रुझमत अकांचा फोन आला. त्यांना सगळं कळलेलं होतं. मोहल्ला खिव्यात असतो हा गैरसमज आहे. तो समारापर्यंत पसरलेला असतो. "सादुल्ला आमच्याच गोदामात आहे," ते म्हणाले. "माल उचलायची गाडी चालवतो, आतली. ये. काट्यावर एक जागा आहे. तुला मोजायला आवडतं ना?"

निघताना आईने माझ्याकडूनही एक घास चावून घेतला आणि नान टांगला. खिळा ठोकताना म्हणाली, "वर ठोकते हो. तुझ्या ओळखीची माणसं उंच असतात."

वाटेतल्या सरहद्दीवर शिपायाने पिशवी उघडली. "हे काय?"

"नान."

"खाण्यासाठी?"

"नाही."

"मग?"

"एका माणसाला चावण्यासाठी नेतोय. आधी एकदा त्यानेच चावलाय. मधे दुसऱ्या एकाने."

त्याने साहेबांना बोलावलं. साहेबांनी विचारलं, खाद्यपदार्थ, धार्मिक वस्तू की पुराणवस्तू? तिन्हींचे नियम वेगळे आहेत. गाडीतल्या एका उझबेक बाईने पुढे होऊन नुसतं एवढंच म्हटलं, "कोणाचा आहे?" मी म्हणालो, शेजारच्या होलाच्या मुलाचा. तिने त्या साहेबांना रशियन भाषेत असं काही सुनावलं की त्यांनी स्वतःच्या हाताने कपडा पुन्हा गुंडाळून दिला.

समारातलं गोदाम शहराइतकं मोठं आहे, आणि त्याला भिंती आहेत, दरवाजे आहेत, आत रस्ते आहेत. पहिल्या दिवशी मला फिरून दाखवलं गेलं. वाटाड्याने वेळ पाळली. माझं काम लहान पार्सलांच्या काट्यावर. काटा एका ग्रॅमपर्यंत अचूक आहे. रोज सकाळी मी तो प्रमाणित वजनाने तपासतो, तसा नियम नाही तरी. आत आलेली कुठलीही वस्तू नोंदवल्याशिवाय पुढे जात नाही, म्हणून नान काट्यावर ठेवला. दोनशे शहाऐंशी ग्रॅम.

सादुल्लाला तिथे सगळे रशियन नावाने साशा म्हणतात. जाड झालाय, केस पुढून गेलेत. खुदायबेरगान उस्तादांनी पाहिलं असतं तर त्यांना वाईट वाटलं असतं. मी कपडा उघडला तेव्हा त्याने वाकून पाहिलं.

"हा तोच?"

"तोच."

"आणि हा तुकडा कुठे गेला?"

मी सांगितलं. तो हसला, मग हसणं थांबवायला त्याला त्रास झाला. "पोलंडला गेला म्हणजे. माझ्यापेक्षा पुढे गेला."

"होला वाट बघतेय. फोनवर बघायचंय तिला."

"आत्ता?"

"सगळे चहाखान्यात जमलेत."

त्याने टोपी काढली, केसांवरून हात फिरवला, पुन्हा टोपी घातली. मी फोन धरला. पडद्यावर होला, तिच्या मागे मतनियाझ अका, त्यांच्या मागे अर्धा मोहल्ला, खुदायबेरगान उस्ताद स्टुलावर उभे. होलाचा हात बरा झालेला दिसत होता.

"सादुल्ला," ती म्हणाली. "जेवलास?"

"जेवलो, आई."

"मग थोडाच चाव. दात सांभाळ."

त्याने बिस्मिल्ला म्हटलं, नान दोन्ही हातांनी तोंडाशी नेला, मान जरा वळवली. मग तो चावत राहिला. बराच वेळ.

"गिळलास?" होलाने विचारलं.

"हो."

"कधी येतोस?"

"वसंतात बघतो."

"बरं," ती म्हणाली. "दाव्रान, उरलेला नीट बांधून पाठव, बाळ. कोणी येणारा असेल त्याच्याजवळ. माणूस बघून दे."

मोहल्ल्याने एका सुरात आमीन म्हटलं आणि तोंडावरून हात फिरवले. उस्ताद स्टुलावरून उतरताना पडद्यावरून नाहीसे झाले. फोन बंद झाला. सादुल्लाने नान माझ्या हातात दिला, कपडा नीट करून दिला आणि त्याची आतली गाडी चालू करून तो सहाव्या रांगेकडे गेला.

पार्सलावर वजन लिहावं लागतं, म्हणून मी नान पुन्हा काट्यावर ठेवला. काटा शून्यावर होता, सकाळी तपासलेला. दोनशे शहाऐंशी ग्रॅम.